झुंबरबाईची साखर

झुंबरबाई गेली त्या दिवशी मी बिनसाखरेचा चहा प्याले. सुनेनं विचारलं, "आई, साखर इसरले का मी?" मी म्हणलं, "न्हाई, बराबर हाय." ती माझ्या तोंडाकडं बघत राहिली. मला साखरेचा आजार नाही. त्या दिवशी उपासही नव्हता, आणि दुःख तर बिलकुल नव्हतं.

हे मी कुणाला दाखवायला लिहीत नाही. चौथीपर्यंत शाळा झाली, तेवढी अक्षरं मला पुरतात. चार माणसांत माझ्या तोंडून शब्द फुटत नाही. लहानपणापासून असंच आहे. पाहुणे आले की मी चुलीमागं, आणि कुणी नाव विचारलं तर माय सांगायची, "शेवंता हाय ती. बोलत न्हाई, पण मुकी न्हाई." कागद बरा. तो तोंडाकडं बघत नाही.

आमचं गाव पूर्णेच्या काठी. संक्रांत झाली की नदीची धार बारीक व्हायची आणि होळीनंतर नुसती वाळू उरायची. मग बाया वाळूत झिरा करायच्या. झिरा म्हणजे हातानं वाळू उपसून केलेला खड्डा. कोपरभर खाली गेलं की तळाला पाणी पाझरतं. आधीचं गढूळ काढून टाकायचं, थोडं थांबायचं, मग निवळ पाणी वाटीवाटीनं घागरीत भरायचं. एक घागर भरायला बराच वेळ लागतो, आणि मागं बायांची रांग. म्हणून आमच्या गावात एक रीत होती. एकीची घागर भरत असली की जिची पाळी पुढं, तिनं ओवी म्हणत राहायचं. घागर भरेपर्यंत ओव्या सरल्या नाहीत तर पाळी तिची. मधेच सरल्या, किंवा म्हणताच आल्या नाहीत, तर पाळी मागच्या बाईला जायची. भांडणं होऊ नयेत म्हणून कुण्या जुन्या बाईनं ही रीत घातली असेल. जुन्या ओव्या चालायच्या, पण उभ्या उभ्या नवी जोडून म्हणणारीला मान होता. आमची गोदाआत्या, दादांची म्हणजे माझ्या बापाची विधवा बहीण, ती या कामात सगळ्यांच्या वरची. तिची पाळी कधीच चुकली नाही. माझी रोज चुकायची. ओव्या मला सगळ्या यायच्या, मनात नव्याही जुळायच्या, पण बाया माझ्याकडं बघायला लागल्या की मी मान घालून वाळूत बोटानं रेघा ओढत बसायचे. मी सगळ्यात शेवटी घरी यायचे, ऊन चढल्यावर, डोक्यावर घागर आणि पायाखाली तापलेली वाळू. आत्या दारातूनच म्हणायची, "आली का मुकी मैना? आज बी गावाला पाणी पाजून आली."

घरात मी, माय, दादा, आत्या आणि माझी मोठी बहीण आक्का. सकाळी मला जाग यायची ती मायच्या भाकरीच्या आवाजानं. काठवटीत पीठ मळल्याचा आवाज वेगळा आणि भाकरी थापल्याचा वेगळा. थाप वाजली की समजायचं, आता उठलं तरी चालतं. चुलीच्या आहारात, तापल्या राखेत, वांगं भाजत टाकलेलं असायचं. आत्या ते सोलून, लसूण-मिरची घालून, लोट्याच्या बुडानं ठेचायची. दादा जेवताना बोलत नसत. आक्का मात्र सारखी बोलायची. माझ्या वाटणीचं बोलणंही बहुतेक तिच्याकडंच गेलं होतं. ती दिसायला उजळ होती, हसली की डोळे बारीक व्हायचे, आणि पाठीवर, उजव्या खांद्याच्या खाली, तळहाताएवढा पांढुरका डाग होता. ती लहान असताना आमच्या मामाच्या गुऱ्हाळात उकळती काकवी तिच्या पाठीवर सांडली होती. जखम भरली, कातडी तशीच पांढरी राहिली. हे गावातल्या सगळ्या बायांना माहीत होतं. नदीवर अंघोळ करणाऱ्या बायांना एकमेकींच्या पाठी पाठ असतात.

झुंबरबाई म्हणजे आक्काच्या होणाऱ्या नवऱ्याची आई. तिचं गाव नदीच्या खालच्या अंगाला. बाई अंगानं दांडगी, नाकात मोठी नथ, आणि बोलताना समोरच्याचं बोलणं अर्ध्यात तोडायची खोड. सोयरीक जमली, तिथी धरली, मांडव पडला. आदल्या दिवशी मुलाची उष्टी हळद घेऊन ती स्वतः आमच्या घरी आली. आक्काच्या पाठीला हळद लावताना तिचा हात थांबला.

"हे काय गं?"

आत्यानं सांगितलं, "गुऱ्हाळात काकवी सांडल्ती, लहानपणी. चटका हाय तो."

झुंबरबाईनं त्यावरून बोट फिरवलं. "व्हय, चटकाच हाय. माझ्या भावाच्या पायावर बी असाच हाय," म्हणाली, आणि हाताला उरलेली हळद तिनं त्याच डागावर चोळली. हे मी कुणाकडून ऐकलेलं नाही. हळदीची परात धरून मी तिच्या शेजारी उभी होते.

दुसऱ्या दिवशी वऱ्हाड आलं नाही. दुपारी त्यांच्या गावचा एक माणूस सायकलवर आला. दादांना पारावरच गाठून, दहा लोकांच्या देखत म्हणाला, "पोरीच्या अंगावर कोड हाय अन् तुम्ही लपवलं. पोराची माय म्हणते, आम्ही फशी पडणार न्हाई." आणि आला तसा निघून गेला. आमच्या घरी बुंदी पाडून ठेवलेली होती, वरणबट्टीच्या बट्ट्या गोवऱ्यांवर भाजत होत्या. त्या तशाच जळाल्या. जळक्या बट्टीचा वास मला अजून कुठल्याही लग्नात येतो, दुसऱ्या कुणाला येत नसला तरी.

चार दिवसांत खरं कारण गावात आलं. आमच्याच गावच्या पिठाच्या गिरणीवाल्यांनी त्यांच्या लेकीसाठी, मंदासाठी, तोच मुलगा धरला होता आणि त्याला नवी फटफटी कबूल केली होती. बोलणी म्हणे हळदीच्या आधीपासून चालू होती. सोयरीक मोडायला नुसतं एक कारण पाहिजे होतं, ते झुंबरबाईला आक्काच्या पाठीवर सापडलं.

वऱ्हाड आलं नाही त्याच दुपारी आक्का उठली आणि मला म्हणाली, "शेवे, वाटी घे." हळद लागलेल्या मुलीनं उंबरा ओलांडायचा नसतो. तिनं ओलांडला. माय दारातून बाजूला सरली. भर उन्हात झिऱ्यावर कुणी नव्हतं. आक्का वाळूत बसली आणि मी वाटीवाटीनं तिच्या अंगावर पाणी घातलं. हळद जल्दी निघत नाही. ती वाळूनं घासत होती, हात लाल होईपर्यंत. पिवळं पाणी वाळूत जिरत होतं. तिनं विचारलं, "हे पाणी जातं कुठं गं?"

मी म्हणलं, "वाळूखालून खालच्या गावाला."

"बरंय," आक्का म्हणाली. एवढंच. त्या दिवसापासून तिचं बोलणं कमी झालं.

आता कुणी म्हणेल, एवढं खोटं होतं तर चार माणसांत सांगायचं. कुणी सांगायचं? दादांनी पारावर लेकीची पाठ उघडी करून दाखवायची होती का? बाप्याच्या तोंडी ती गोष्ट शोभत नव्हती, आणि बायांना पारावर तोंड नव्हतं. ते खोटं बाजाराच्या वाटेनं हसनाबादपर्यंत गेलं. आक्काला बघायला येणार होते ते दोन पाहुणे परस्पर मागं फिरले. शेवटी धावड्याकडचा एक बिजवर, दोन लेकरांचा बाप, तयार झाला. तो दादांना म्हणाला होता, "कोड असलं तरी माझी काय हरकत न्हाई." दादांनी मान खाली घालून शब्द दिला. म्हणजे आमच्या घरानं ते खोटं कबूलच केल्यासारखं झालं. माझ्या मनात तेव्हा एकच होतं. आक्काच्या पाठीवर कोड नाही आणि झुंबरबाईला ते माहीत होतं, हे तिच्या तोंडावर, लोकांच्या देखत कुणीतरी म्हणायला पाहिजे.

इथं एक लिहून ठेवते. कोड म्हणजे काही पाप नाही. माझ्या सुनेच्या दोन्ही हातांवर आहे आणि त्याच हातांची भाकरी मी रोज खाते. आक्काला खरंच कोड असतं तरी तिचं लग्न मोडायचा हक्क कुणाला नव्हता. पण तेव्हा ही अक्कल कुणालाच नव्हती, मलाही नाही. माझा राग होता तो बोट फिरवून बघणाऱ्या बाईवर.

त्याच उन्हाळ्यात एक गोरी बाई आमच्या गावात आली. तिचं नाव इल्झे. औरंगाबादला शिकवणाऱ्या आमच्या गावच्या एका मास्तरांच्या ओळखीनं आली आणि आमच्या गल्लीत मास्तरांच्या आईकडं राहिली. तिच्या देशात ती गाणारी होती. जुनी गाणी गोळा करायची आणि गायची. खांद्याला टेपचं मशीन, डोक्याला बायांसारखा रुमाल, आणि मराठी पुस्तकातली. "कृपया आपण पुन्हा गावे," असं म्हणायची. आत्या म्हणाली, "ही बाई पोथीतल्यावानी बोलू राह्यली." गावानं तिचं नाव रशियाची बाई ठेवलं. ती दर वेळी शांतपणे म्हणायची, "रशिया नाही. लातविया." पोरं मुद्दाम ओरडायची, "ओ रशियावाली!" ती थांबायची, मागं वळायची आणि म्हणायची, "लातविया." रागवायची नाही, पण सोडूनही द्यायची नाही. मला ती आवडली ती या एका गोष्टीसाठी.

बाप्यांनी तिला पारावर खाट टाकून गावचा इतिहास सांगितला. निजामाच्या वेळी कुणाच्या दारात घोडे असत, नदीचा घाट कुणाच्या पणजोबानं बांधला, पुरात कुणी पोहून कुणाची बैलजोडी काढली. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "नदीतला तो झिरा कोणी सुरू केला?" बाप्ये हसले. "झिऱ्याचा कसला इतिहास, बाई? पुरात बुजतो, दरसाली नवा."

मग ती झिऱ्यावर आली आणि वाळूत आमच्यात बसली. तिनं सांगितलं, तिचं गावही छोटं, नदीच्या काठचं. नदीचं नाव दौगवा. खाली मोठं धरण झालं आणि पाणी मागं मागं चढत तिच्या गावची खालची आळी बुडाली. आजीचं घर, सफरचंदाचं झाड, धुणं धुवायचा दगड, सगळं पाण्याखाली गेलं. "पुस्तकात लिहिले आहे की गावाला वीज मिळाली. ते खरे आहे. आजीचा दगड मात्र फक्त गाण्यात आहे," ती म्हणाली, आणि तिनं ते गाणं म्हणलं. चारच ओळी, पुन्हा पुन्हा. आवाज एवढा हळू की आम्ही घागरी खाली ठेवल्या.

आत्या म्हणाली, "अगं, ही तर ओवीच हाय. नुसती बोली येगळी."

इल्झे आमच्या रीती विचारायची आणि तिच्या सांगायची. एकदा म्हणाली, तिच्याकडं लग्नात दोन्ही बाजू एकमेकींची गाण्यात निंदा करतात. ज्याची निंदा होते त्यानं रागवायचं नसतं, गाण्यातच उत्तर द्यायचं. उत्तर सुचलं नाही की तो हरला. आत्यानं मांडीवर थाप मारली. "माय माय! ही तर आपली इहिणीची पंगत!"

आमच्याकडची रीत अशी. लग्न लागल्यावर मुलाच्या आईची पंगत बसते. ताटाभोवती रांगोळी, पाटावर विहीण, आणि मुलीकडच्या बाया तिला टोमणे मारणारी गाणी म्हणतात. काहीही म्हणलं तरी विहिणीनं मनावर घ्यायचं नाही आणि ताटावरून उठायचं नाही, ताट टाकून उठणं म्हणजे अन्नाचा अपमान. तिला उत्तर देता आलं तर तिनं गाण्यात द्यावं. नसलं येत, तर गाणारीला जवळ बोलवून आपल्या हातानं तिच्या तोंडात साखर घालायची. साखर तोंडात पडली की गाणं संपलं, गोष्ट मिटली. साखर पडेपर्यंत मात्र गाणं चालूच. आणखी एक, गाण्यात विहिणीचं नाव घ्यायचं नाही. नुसतं "इहीणबाई" म्हणायचं.

मंदाचं लग्न ठरलं तसं गिरणीवाल्यांची माणसं आत्याला बोलवायला आली. गावची लेक, आणि आत्यासारखी गाणारी दुसरी नव्हती. नाही म्हणणं रीतीत बसत नव्हतं. दादांनी आत्याला समोर बसवून सांगितलं, "गोदे, तिथं आपल्या पोरीचं नाव काढायचं न्हाई. जे झालं ते झालं. शब्द दे." आत्यानं शब्द दिला. मी दाराआड होते. माझ्याकडून कुणी शब्द घेतला नाही. मी काही बोलेन हे कुणाच्या ध्यानातच येण्यासारखं नव्हतं.

त्या दिवसांत मी झिऱ्यावर मुद्दाम उशिरा जायचे, सगळ्या गेल्यावर. वाळू उपसत एकटीच पुटपुटायचे, ओळी जुळवायचे. एकदा मागं बघते तर इल्झे उभी. मी लाजून गप्प झाले. ती म्हणाली, "तुला मोठा आवाज नाही. ते चांगले आहे. मोठ्याने गायले की लोक जेवत राहतात. हळू गायले की चावणे थांबवतात." मग तिनं विचारलं, "ही बाई कोण, जिच्यासाठी तू गातेस?" मी तिला सगळं सांगितलं. एवढं सलग मी त्याआधी कुणाशी बोलले नव्हते. बहुतेक ती परकी होती म्हणून जमलं. वाटी घेऊन तिनं माझी घागर भरली.

लग्नाच्या दिवशी गिरणीवाल्यांच्या अंगणात मांडव. नवी फटफटी हार घालून दारातच उभी केलेली, येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसेल अशी. विहिणीची पंगत बसली. झुंबरबाई मधल्या पाटावर, दोन्ही बाजूंना तिच्याकडच्या बाया, पानात बुंदी, येसरची आमटी, वांग्याची भाजी. आम्ही समोर सतरंजीवर. इल्झेनं मधोमध टेप ठेवला. आत्यानं सुरू केलं:

"इहीणबाई आली नदीतून, लुगडं तिचं वल्लं,
पाच पोळ्या खाल्ल्या तरी म्हणते, पोट न्हाई भरलं."

सगळ्या हसल्या. झुंबरबाईही हसली. मग तिचं लक्ष टेपकडं गेलं. "हे मशिनीत भरू राह्यलं का?"

कुणीतरी म्हणलं, "व्हय, रशियात ऐकू जानार."

"लातविया," इल्झे म्हणाली.

झुंबरबाईनं पदर सारखा केला, नथ सरळ केली. "मंग नुसतं इहीणबाई इहीणबाई काय म्हणता? माझं नाव घ्या की. तिकडं कळायला पाहिजे, कोणाची पंगत व्हती ते. झुंबरबाई म्हणा."

आत्या म्हणाली, "नाव घेऊन म्हणत न्हाईत, बाई. रीत न्हाई."

"मी सांगते ना! माझ्या नावाला मीच भेत न्हाई, तुमाला काहून भेव?"

आत्या गप्प झाली. तिच्या तोंडाशी आलं होतं, मला दिसलं, पण तिनं शब्द दिलेला होता. त्या थांबलेल्या वेळात मी सुरू केलं. मान खालीच होती. हळू म्हणलं, झिऱ्यावर एकटी म्हणायचे तसं.

"झुंबरबाई, झुंबरबाई, नजर तुझी चांगली,
काकवीचा चटका पाहून गोष्ट कोडाची सांगली."

पहिल्या ओळीला बाया बोलतच होत्या. दुसरी ओळ मी परत म्हणली तेव्हा वाढणारी जिथल्या तिथं उभी राहिली. चावण्याचे आवाज थांबले. इल्झे म्हणाली होती तस्संच झालं.

"हळद धुतली आक्कानं गं वरल्या झिऱ्यावरी,
वाळूखालून पिवळ्या झाल्या तुझ्या घरच्या घागरी."

मी गाणं सोडलं नाही, कारण सोडलं असतं तर पाळी गेली असती, आणि त्या एका दिवशी मला माझी पाळी घालवायची नव्हती.

"आक्का माझी उजळ गं, कोडाचा न्हाई डाग गं,
झुंबरबाईच्या जिभेवर कोड, दिवा लावून बघ गं."

पहिलं हसू झुंबरबाईच्याच बाजूनं आलं. तिची जाऊ होती. तिला आवरलंच नाही. मग दुसरी, मग आमच्याकडच्या सगळ्या. मंदा आत बसलेली होती, तीही पदर तोंडात कोंबून हसली, हे तिनं मला नंतर सांगितलं. झुंबरबाईला उठता येत नव्हतं. रागवता येत नव्हतं. उत्तर सुचत नव्हतं. तिनं आत्याकडं बघितलं, आत्या मांडवाच्या पानांकडं बघत बसली. नाव घ्यायला तिनंच सांगितलं होतं, तेही मशिनीत गेलं होतं.

शेवटी तिनं साखरेच्या वाटीत हात घातला. "ये इकडं, पोरी. तोंड गोड कर." आवाज मऊ केला होता.

मी उठले, तिच्या ताटापुढं बसले. तिची मूठ माझ्या तोंडाजवळ आली. मी तोंड उघडलं नाही. ती म्हणाली, "उघड ना." मी तिच्याकडं बघितलं, आयुष्यात पहिल्यांदा कुणाच्या डोळ्यांत सरळ. साखर माझ्या ओठांवरून घरंगळून मांडीवर, रांगोळीत सांडली. तिनं परत मूठ भरली. मी ओठ आवळून धरले. तोंड बंद ठेवायची मला जन्माची सवय होती.

आत्या म्हणाली, "साखर न्हाई घेतली, बायांनो. मंग गाणं काही मिटलं न्हाई."

मी उठून लुगडं झाडलं आणि घरी आले. आक्का ओट्यावर तुरीची डाळ निवडत बसली होती. गिरणीवाल्यांचं घर आमच्यापासून फार लांब नव्हतं. तिनं सूप बाजूला ठेवलं. "लई हसत व्हत्या बाया. त्याच्या आधी एक आवाज आल्ता बारीक. तुझा व्हता?"

"व्हय."

ती उठली, आत गेली, सकाळची भाकरी आणि मिरचीचा ठेचा घेऊन आली. अर्धी तिनं खाल्ली, अर्धी मला दिली. संध्याकाळी दादा आत्यावर चिडले, "तुझ्याकडून शब्द घेतल्ता ना?" आत्या म्हणाली, "म्या पाळला की. पोरीचं नाव बिलकुल काढलं न्हाई." दादांनी माझ्याकडं एकदा बघितलं आणि ते बैलांना पाणी पाजायला गेले.

आक्काचं काही वाचलं नाही. दादांनी धावड्याला दिलेला शब्द मोडला नाही आणि ती बिजवराच्या घरी गेली. तिथं सुरुवातीला तिचा पाण्याचा लोटा वेगळा ठेवायचे. मग बांगड्या भरणारी कासारीण ते गाणं घेऊन तिकडं गेली. आक्काच्या जावेनं ऐकलं, आक्काची पाठ बघितली आणि दुसऱ्या दिवशी तिच्याच लोट्यानं पाणी प्याली. आक्कानं मला हे सांगितलं तेव्हा हसली, डोळे बारीक करून, लग्नाच्या आधीसारखी. माझ्या गाण्यानं एवढंच मिळवलं, एक लोटा. आक्का चाळिशीतच गेली. म्हणून मी कुणाला माफ वगैरे केलेलं नाही. लोक म्हणतात म्हातारपणी मन मोठं होतं. माझं झालं नाही, आणि ते मोठं करायला मी काही केलंही नाही.

गाणं मात्र वाढत गेलं. नदीच्या दोन्ही अंगांच्या गावांत विहिणीच्या पंगतीला ते म्हणायला लागले. ज्यांना आक्का माहीत नाही, काकवी माहीत नाही, अशा पोरीही "झुंबरबाईच्या जिभेवर कोड" म्हणतात आणि हसतात. आता झिरे नाहीत. वाळू उपसून ट्रॅक्टरनं नेली, घरोघरी नळ आले. घाट ज्याच्या पणजोबानं बांधला त्याचं नाव पारावर आता कुणाला नीट सांगता येत नाही. झुंबरबाईचं नाव येतं.

गेल्या वर्षी सुनेनं मोबाइलवर मला दाखवलं. मोठी नदी, काठावर लोक, आणि मंचावर पांढऱ्या केसांची बाई. मी आवाजावरून ओळखलं. इल्झे. ती तिच्या बोलीत काहीतरी सांगत होती, त्यात आमच्या नदीचं नाव आलं. मग टेपवरचा एक जुना आवाज लागला, बारीक, थोडा घाबरलेला. सून म्हणाली, "आई, कोण हो ही?" मी मोबाइल कानाजवळ धरला. मग इल्झेनं तीच चाल धरली आणि तिच्या मागं दहा-बारा गोऱ्या बायांनी, एका सुरात, स्पष्ट म्हणलं, "झुंबरबाई, झुंबरबाई." तिकडं आपलं नाव कळावं ही झुंबरबाईची इच्छा होती. कळलं.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी ती स्वतः माझ्या दारात आली. नातवानं जीपमधून आणलं होतं. पाठ वाकलेली, नथ उतरवलेली, हातात कागदाची पुडी. मी तिला बाजेवर बसवलं, पाणी दिलं, चहा दिला. ती म्हणाली, "शेवंताबाई, आता किती दिस ऱ्हायले माझे? नातसुना बी माझ्या मागं गुणगुणतात. तेवढं मिटव आता." तिनं पुडी उघडली. साखर होती. मूठ भरून तिनं माझ्या तोंडापुढं धरली. साखर बाजेवर सांडत होती.

मी विचारलं, "चटका व्हता का कोड व्हतं?"

तिनं मूठ खाली घेतली. मग म्हणाली, "आता काय आठवतं, बाई."

तिला आठवत असतं तर काय झालं असतं, मी सांगू शकत नाही. तोंड उघडलंही असतं कदाचित. पण तिला आठवलं नाही, आणि माझे ओठ उघडले नाहीत. नातू तिला हाताला धरून घेऊन गेला.

पुढं झुंबरबाई वारली, तिचं दिवस-पाणी झाल्यावर मंदा आली. सासू गेलेली सून, पण चेहरा मोकळा. तिला इतक्या वर्षांत मी कितीदा भेटले आहे, आमचं कधी वाकडं नव्हतं. तीच एकदा म्हणाली होती, "तुझ्या गाण्यानं मला लई आधार दिला गं. म्हातारी जास्त बोलायला लागली की मी चुलीपाशी नुसती चाल धरायचे, की गप." तिनं पिशवीतून तीच कागदाची पुडी काढली. "मरताना म्हणली, शेवंताला दे. म्हातारीच्या हातानं न्हाई घेतली तर माझ्या हातानं घे म्हणली."

मी पुडी घेतली. चहा ठेवला. त्यातली साखर मंदाच्या कपात घातली, दोन चमचे जास्तच. माझा कप तसाच ठेवला, ती गेल्याची बातमी आली त्या दिवसासारखा. मंदा बघत होती.

"मंग गाणं चालूच म्हणायचं का?"

"चालूच."

तिनं चहाचा घोट घेतला, ओठ पुसले आणि हळूच चाल धरली. पहिली ओळ तिनंच म्हणली. दुसरीला मी आले.